सामंत सरांचं टक्कल आणि आमचा शुक्रवारचा दिवा

आमच्या घराण्याचा आजपर्यंत कोणीही छळ केलेला नाही, आणि त्यामुळे माझी भयंकर अडचण झाली.

आधी ओळख. मी शेरॉन वावेकर. (हो, नाव शेरॉन आणि आडनाव वावेकर. हो, कोकणातलेच. नाही, ख्रिश्चन नाही. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे मराठी ज्यू. मुलुंड ईस्टला राहतो, घरात मराठीच बोलतो आणि भांडतोही मराठीतच.) मला लेखिका व्हायचंय. म्हणजे व्हायचंच आहे! त्यामुळे नव्या मुलामुलींच्या कथांचं पुस्तक निघतंय कळल्यावर मी दोन रात्रींत बारा पानं बडवून पाठवली.

कथा ज्यू होती. एकदम ज्यू. म्हणजे मी लायब्ररीतून आणून ज्या भाषांतरित ज्यू कादंबऱ्या वाचल्या होत्या ना, तशी. बर्फ. काळे कोट. वायोलिन वाजवणारा म्हातारा. दारावर शिपायांची थाप. लिहिताना मी स्वतःच रडले यार!

चार दिवसांनी संपादकांचा, सामंत सरांचा फोन. "भाषा चांगली आहे गं तुझी. पण यात तुझं घर कुठे दिसत नाही. शुक्रवारी मुलुंडला येतोय, चहाला येऊ का? तेव्हाच ठरवू, कथा घ्यायची की नाही."

आता कोणीही शहाणी मुलगी काय करेल? कथा बदलेल. पण कथा बदलायची म्हणजे बारा पानं परत लिहायची. मी ठरवलं, घर बदलू!

सुरुवात आजीपासून केली. आजी पोह्यांत खोबरं कालवत बसली होती.

"आजी, आठव ना जरा. आपल्याला कोणीतरी छळलं असेल."

"छळलं ना. तुझ्या आजोबांच्या बहिणीने. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात माझ्या पोळ्यांना चामडं म्हणाली."

"तसं नाही गं! ज्यू म्हणून!"

आजीने खूप विचार केला. मग म्हणाली, "शेजारच्या जोशीणबाई दर होळीला पुरणपोळ्या पाठवायच्या. एका वेळी बारा! खाऊन खाऊन जीव जायचा. हा छळ चालेल?"

"नाही चालणार! बरं, मग सर आले की निदान डोळ्यांत पाणी आण."

"कांदा आणून ठेव जवळ," आजी म्हणाली आणि परत खोबऱ्याकडे वळली.

मग पप्पा. पप्पा विक्रोळीच्या कारखान्यात फोरमन. शुक्रवारी घरी आल्या आल्या मी त्यांना त्यांच्या लग्नातला काळा कोट घातला. लग्नातले पप्पा आणि आताचे पप्पा यांच्यात साधारण पंचवीस किलोंचा फरक आहे. त्यात ऑक्टोबर हीट!

"शेरू, हात खाली येत नाहीयेत गं माझे."

"पप्पा, एकच वाक्य बोलायचंय. 'आम्ही फार सोसलंय.' बस."

"ते मनापासून बोलेन," पप्पा म्हणाले.

आईला सांगितलं, चिकन सूप कर. सगळ्या कादंबऱ्यांत सूप असतं. एकदम फिकं, दुःखी सूप. वायोलिन कुठे मिळालं नाही, म्हणून खालच्या मजल्यावरच्या कांबळे काकूंकडून बुलबुल तरंग आणलं. (तारेचंच वाद्य आहे ना!) ते टीपॉयवर ठेवलं, शेजारी दोन मेणबत्त्या. बाहेर मुलुंडमध्ये बर्फाची सोय होणार नव्हती, तेवढं सोडून दिलं.

राहिला दिवा. आमच्याकडे शुक्रवारी सूर्य बुडायच्या आत शब्बाथचा, म्हणजे आमच्या शनिवारच्या पवित्र सुट्टीचा दिवा लावतात. हॉलमध्ये टांगलेला काचेचा प्याला, त्यात पाणी, वर खोबरेल तेल, त्यात वात. आजीच्या सासूच्या सासूचा. पण मला वाटलं, खोबरेल तेल? हे फारच कोकण झालं! कुठल्याच कादंबरीत नाही. आजी सकाळीच तेल भरून ठेवते. मी तो भरलेला दिवा हळूच काढला आणि सोफ्यामागच्या उंच शोकेसवर, कपांच्या मागे लपवला. थोडा तिरका बसला. म्हटलं, तासाभराचा तर प्रश्न आहे.

साडेपाचला सामंत सर आले. हातात माझी बारा पानं, डोक्यावर एक केस नाही. पानं टीपॉयवर ठेवली आणि बसले नेमके त्या शोकेसखाली.

"वा," सर म्हणाले. मग पप्पांकडे बघितलं. पप्पांच्या चेहऱ्यावरून घामाच्या धारा. "बरं नाही का तुम्हाला?"

मी डोळ्यांनी खूण केली. पप्पा सुरू झाले, "आम्ही... फार सोसलंय."

"अरे! काय काय सोसलंत?"

पुढचं वाक्य मी शिकवलंच नव्हतं! पप्पांनी माझ्याकडे बघितलं, छताकडे बघितलं. "उकाडा," ते म्हणाले.

मी पटकन ओरडले, "आई, सूप!"

आई सूप घेऊन आली. हिरवंगार. वर नारळाच्या दुधाची साय, कोथिंबीर, आणि बशीत पोळी!

"आई, हे सूप आहे?"

"मग काय आहे? आपला रस्साच पातळ केलाय ना! फिकं पाणी पाहुण्यांसमोर ठेवू? लाज आहे मला."

सर भुरके मारत सुटले. तेवढ्यात आजी आतून आली. कांदा वगैरे काही नाही, हातात काडेपेटी. "शेरू, दिवा कुठाय?"

"आजी, आज मेणबत्त्या..."

"दिवा कुठाय?"

"आजी, सर आलेत ना."

"सरांना नमस्कार. सूर्य बुडत आलाय. दिवा कुठाय?"

आणि सर मधेच डोक्यावर हात फिरवून म्हणाले, "वरच्या मजल्याचं लीकेज आहे का हो तुमच्याकडे?"

"आमच्याकडे लीकेज नाही हं!" आई ताडकन म्हणाली. (सोसायटीच्या मीटिंगमध्ये या विषयावर तिने दोन वर्षं लढा दिलाय.)

सरांनी बोटं नाकाशी नेली. "खोबरेलचा वास येतोय."

आजीने वर बघितलं. पप्पांनी वर बघितलं. मी खाली बघितलं.

"थांबा, मी काढतो," म्हणून पप्पांनी हात वर केला. टर्रर्र! कोट काखेपासून कमरेपर्यंत फाटला. पप्पा दचकले, धक्का शोकेसला, आणि आजीच्या सासूच्या सासूचा दिवा लवंडून सामंत सरांच्या टकलावर पूर्ण रिकामा झाला! प्याला पप्पांनी झेलला. तेल सरांनी झेललं. उरलेलं माझ्या बारा पानांनी. एवढी सुंदर वाट लागली ना, पानांतून आरपार टीपॉय दिसत होता.

मला वाटलं, संपलं. पुस्तक गेलं, करिअर गेलं.

आजी शांतपणे पुढे आली, सरांच्या डोक्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "घाबरू नका हो. शुद्ध खोबरेल आहे. आमचा पिढीजात धंदाच तेलाचा."

"म्हणजे?" सर डोळे मिटून म्हणाले.

"आधी दिवा, मग गोष्ट," आजी म्हणाली. पप्पांनी कोट फेकला, बनियनवर प्याला पुसला, आईने तेल भरलं, आजीने सूर्य बुडायच्या आत वात लावली. मग तिने सरांच्या डोक्याला मालिश करत सुरुवात केली. आपल्या पूर्वजांचं जहाज कोकणच्या किनाऱ्यावर कसं फुटलं, वाचलेल्या माणसांना गावाने कशी जागा दिली, त्यांनी घाणा कसा घातला. शनिवारी घाणा बंद, म्हणून गाव आपल्याला 'शनिवार तेली' म्हणायला लागलं. पुस्तकं बुडाली, भाषा विसरली, पण शनिवार कोणी विसरलं नाही.

मीही ऐकत बसले. ही गोष्ट मी शंभरदा ऐकलीय. पण त्या दिवशी पहिल्यांदा मला बर्फाची लाज वाटली. ज्यांनी तो बर्फ लिहिला, ते त्यातून गेले होते. मी नुसता लायब्ररीतून उचलून आणला होता.

सर उठले तेव्हा टक्कल ट्यूबलाइटसारखं चमकत होतं. "शेरॉन, कथा घेतोय."

मी उडीच मारली!

"तुझी नाही. आजींची. त्या सांगतील, तू टाईप कर. एक शब्दही बदलायचा नाही."

मी इमानदारीत केलं. पुस्तक आलंय, झकास दिसतंय. त्यात माझं नावही आहे, शेवटच्या ओळीत. आजीने मुद्दाम दोनदा वाचून घेतली ती ओळ: "या मातीत आमच्या लोकांचा कधीच कोणी छळ केला नाही. अपवाद फक्त एका शुक्रवारचा, आणि तो माझ्या नातीने, शेरॉनने केला."