पलीकडची गल्ली, हैदराबादमार्गे

नांदेडहून निघालो तेव्हा पिशवीत कपडे कमी आणि डोक्यात काळजी जास्त होती. मी प्रशिक्षक असलेल्या मुलींच्या व्हॉलीबॉल संघाची कप्तान रोहिणी अंतिम सामना हरल्यापासून मैदानाकडे फिरकलीच नव्हती. तिने संघ सोडला असता तर तिच्यामागून निम्मा संघ गेला असता. तिला काय सांगायचं, हे विचारायला मी विमलताईंकडे चाललो होतो. राज्याचा संघ घडवलेल्या ताई. घराणं हैदराबादच्या जामबागेतलं, पिढ्यान्‌पिढ्या सरकारी नोकरीतलं.

काचीगुड्याला उतरून रिक्षा केली, ती सुलतान बाजारात साड्यांच्या गर्दीत रुतली. शेवटी पायीच निघालो. वाटेत खिचडी आणि खट्टा (चिंच-तिळाचं आंबट कालवण) हादडलं. मी घाईने दुसरी वाटी मागितली तेव्हा वाढणारे चाचा म्हणाले, "आराम से खाओ मियाँ, खट्टा किधर बी नई जाता."

मैदानावर पोचताच ताई म्हणाल्या, "आलास का? बसू नक्को. समोरची टीम तू संभाळ."

सराव सामना सुरू झाला. टाइम-आऊट मिळाला की मी बोलतच सुटायचो: सर्व्हिस, ब्लॉक, जिद्द, सगळं. पलीकडे ताई मुकाट पाणी पीत उभ्या. त्यांच्याकडची रीत अशी, की आधी सगळ्यात लहान खेळाडू बोलणार, शेवटी कप्तान, आणि काही उरलंच तर ताई.

"कप्तान पहिली बोलली की बाकीच्या नुसत्या माना हलवतात," त्यांनी नंतर सांगितलं.

आम्ही सपाटून हरलो. जाळी सोडताना माझ्या बाजूची सायरा हसत म्हणाली, "सर, आप अच्छा बोलते. मेरा कंधा दुखरा था, बोलने का मौकाच नई मिला." मला अगदी ओशाळल्यासारखं झालं.

जेवताना ताईंना विचारलं, "मग रोहिणीला काय सांगू?"

"ती येत का नाही?"

"हरल्यामुळे."

"असं ती म्हणाली?"

मी ताटातली वांग्याची फोड उगीच इकडून तिकडे सरकवली.

परतीच्या गाडीत भाषण जुळवायचा मोह फार झाला, पण आवरला. नांदेडला उतरून थेट रोहिणीच्या दारात गेलो. "का येत नाहीस गं?" एवढंच विचारलं आणि तोंड मिटलं. फार जड गेलं.

"हरल्याचं काय घेऊन बसलात, सर," ती म्हणाली. "आईचा हात मोडलाय. संध्याकाळचा स्वयंपाक माझ्याकडे आहे. सराव सकाळी ठेवाल का?"

रोहिणीचं घर माझ्या पलीकडच्या गल्लीत आहे. तिथे पोचायला मला हैदराबादवरून जावं लागलं.