कॅमेऱ्याला जय भीम

केशोरीच्या कुसुमबाईला एकदा सांगितलेलं पुन्हा सांगावं लागत नाही. पोलंडची मार्ता मॅडम तिच्या रोजच्या जगण्यावर फिल्म काढायला आली, तेव्हा समीक्षाच्या, म्हणजे कुसुमबाईच्या मुलीच्या तोंडून तिने एवढंच सांगितलं की मी इथे नाहीच असं समजा, कॅमेऱ्याकडे बघू नका. झालं. अख्खा पावसाळा बाई सडा घालत राहिली, धान रोवत राहिली, पण मान म्हणून वर केली नाही.

तिच्या नवऱ्याला, यादोरावला, हे काही जमेना. दारात आलेल्या पाहुण्याशी न बोलता पुढे जायचं कसं? कॅमेरा दिसला की हा हात जोडून "जय भीम, मॅडम" म्हणणार आणि वर जेवणाची चौकशी करणार. मॅडम हसायची. कुसुमबाईच्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

धान कापणीला आलं आणि यादोराव तापाने गेला. तेव्हापासून बाई दगड झाली म्हणा ना. रडली नाही, कुणाशी भांडली नाही. आत काही हलतच नव्हतं. भिंतीवर आधार कार्डावरून मोठा केलेला त्याचा फोटो होता, तोही कुणा परक्याचा वाटायचा. फिल्ममध्ये त्याला एकदा चालता-बोलता पाहिलं तर रडू येईल, एवढीच तिला आशा होती.

फिल्म आली. समीक्षाने लॅपटॉपवर लावली. चूल, बांध, बैल आणि कुसुमबाई. यादोराव कुठेच नाही. समीक्षाने मॅडमला विचारलं, तर कळलं की कॅमेऱ्याशी बोललेलं या फिल्ममध्ये चालत नाही, म्हणून ते कापलं होतं. कापलेले तुकडे मॅडमने लगेच पाठवले.

त्यांत मात्र यादोरावच यादोराव. थेट समोर बघून हसणारा. शेवटच्या तुकड्यात तो मागे वळून म्हणाला, "कुसुम, एक डाव इकडं पाय न वो. मॅडम आपला जोडीनं फोटू काढून राहिली."

मागे कुसुमबाई तांदूळ पाखडत होती. तिने मान वर करून पाहिलं नाही. तो जरा थांबला, ओशाळं हसला आणि निघून गेला.

कुसुमबाईचे डोळे कोरडेच होते. पुन्हा लावू का, असं समीक्षाने विचारलं.

"नोको," ती म्हणाली. "कितीक डाव लावला तरी त्यातली बाई पायणार नाई."