बसणारी गोळी

आमच्या मोंटानातल्या गावात ओरिन स्टॅडलरचं बंदुकांचं दुकान होतं. माल विकण्यापेक्षा गिऱ्हाईक परत पाठवण्यातच त्याचा दिवस जाई. एकदा गावातलीच एव्हिस तिच्या आजोबांचं रिव्हॉल्व्हर घेऊन आली. दुसऱ्या दिवशी बापाला पुरताना त्यातून तीन फैरी झाडायच्या होत्या. घरची रीतच होती तशी.

“गोळ्या देत नाही,” ओरिन म्हणाला.

“अरे म्हाताऱ्या, बसतायत की यात! बघ!”

“बसतात म्हणूनच घात होतो, पोरी. हे लोखंड बंदुकीच्या जुन्या काळ्या दारूसाठी घडवलंय. आजच्या दारूचा जोर त्याला पेलायचा नाही, हातातच फुटेल. आधी कारागिराकडून तपासून आण, मग काळ्या दारूच्या देतो.”

“आणि तोवर बापाला काय बर्फात ठेवू?”

ओरिनने डावा हात काउंटरवर ठेवला. त्याला दोनच बोटं होती.

“माझ्या भावानंही अशाच जुन्या बंदुकीत बसणारीच गोळी भरली होती. मी शेजारी उभा होतो. तो गेला. गोळ्या मीच विकल्या होत्या त्याला.”

दुसऱ्या दिवशी रिव्हॉल्व्हर शवपेटीवर मुकं पडून राहिलं. एव्हिस पुन्हा कधी ओरिनशी बोलली नाही. तिची गाडी दुकानावरून गेली, की तो आम्हाला म्हणे, “बोलत नाही, पण दोन्ही हातांनी चालवते ना!”