ट्यूबलाइटसमोर धरलेली फिल्म

कुवेतमध्ये मिरकाबला आमच्या वरच्या मजल्यावर एक डच लेखक राहायचा. गोष्ट नसलेल्या सिनेमांवर तो पुस्तक लिहीत होता आणि जुन्या कॅमेऱ्याने स्वतःही तसलं काही टिपायचा. सुट्टीच्या दिवशी मी त्याला गाडीतून अम्गऱ्याला न्यायचो. तिथे भंगाराच्या ढिगावरून सरकणारी क्रेनची सावली तो तासन्‌तास बघत बसे.

एका हिवाळ्यात माझी बायको व्हिजिट व्हिसावर आली होती. गच्चीवर ती पापड लाटायला बसली, तर हा कॅमेरा घेऊन समोर. टिपले फक्त तिचे हात.

"अहो, विचारा त्यांना, माझं तोंड एवढं वाईट आहे का?"

मी इंग्रजीत विचारलं. तो लाजला, पण हातच टिपत राहिला.

तिथे ती फिल्म धुऊन देणारं कुणी त्याला सापडलं नाही. आम्ही मुंबईला निघालो तेव्हा त्याने डबा माझ्याकडे दिला. वर पट्टी होती: उघडू नये. पण आम्हा आखातातल्या लोकांचा नियम असा, की दुसऱ्याचं पार्सल बघितल्याशिवाय बॅगेत टाकायचं नाही. पार्सलापायी तुरुंगात गेलेल्यांच्या कहाण्या सगळ्यांनी ऐकलेल्या.

"बघून घ्या हो एकदा," बायको म्हणाली.

मी डबा उघडला, काळ्या पिशवीतून गुंडाळी काढली, हातभर फिल्म ट्यूबलाइटसमोर धरली. काहीच दिसेना. पुन्हा गुंडाळून ठेवली.

मुंबईच्या लॅबवाल्याने फिल्म धुऊन दिली आणि सांगितलं, हिला उजेड लागलाय. परतल्यावर मी लेखकाला म्हणालो, "विमानतळावरच्या मशीनने झालं असेल." त्याने प्रोजेक्टरने फिल्म भिंतीवर लावली. नुसता पांढरा उजेड. अगदी शेवटी धुरकटातून दोन हात आले, पापड फिरवला, आणि संपलं. त्याने फिल्म गुंडाळून डब्यात ठेवली. पुढे तो मायदेशी गेला.

काही वर्षांनी बायको वारली. मी तेव्हा कुवेतमध्येच, रिग्गईत एकटा राहत होतो. तिचे फोटो होते, पण सगळ्यांत ती ताठ उभी. काम करणारे तिचे हात कुठेच नव्हते. ते त्याच्याकडे होते, आणि मागायचे तर आधी खरं सांगायला हवं होतं. दोन पत्रं लिहून फाडली. तिसरं पोस्टात टाकलं.

उत्तरासोबत डबाही आला. "मशीनने बिघडली असती तर सगळी सारखी बिघडली असती," त्याने लिहिलं होतं. "ही बाहेरून आत बिघडत गेली होती. मला तेव्हाच कळलं. तू सांगशील म्हणून थांबलो होतो."

माझ्याकडे प्रोजेक्टर नव्हता. मी गुंडाळी आतल्या टोकापर्यंत सोडत गेलो आणि ट्यूबलाइटसमोर धरली. एकाखाली एक, नखाएवढे हात पापड लाटत होते.