आमच्या लीगचा झेलबाद गोल

दुबईत आमची आंतरकॉलेज फुटबॉल लीग तीन वर्षं चालली म्हटलं की ऐकणाऱ्याला मोठमोठी स्टेडियम दिसायला लागतात. दिसू देत. खरं म्हणजे चारही कॉलेजं एकाच बिल्डिंगच्या चार मजल्यांवर होती आणि आमचं तर एवढंसं, की प्राचार्यांसकट एका लिफ्टमध्ये मावायचं. लीगचा सेक्रेटरी मी आणि रेफरीही मीच, कारण शिट्टी माझ्याकडे होती.

मैदान म्हणजे मुहैस्नाहला लेबर कॅम्पांच्या मागची वाळू. त्याच वाळूवर रविवारी सकाळी कामगारांचं क्रिकेट चालायचं. त्यांचा मिडविकेटचा फील्डर आमच्या गोलसमोर उभा, आमचा गोलकीपर त्यांच्या बाउंड्रीवर. भांडण कधी झालं नाही.

तिसऱ्या वर्षी दोन कॉलेजं बंद व्हायची ठरली, म्हणजे लीग खलास. शेवटच्या मॅचला आमच्या कॅप्टनचे डॅडी पहिल्यांदाच येणार होते. वसईचे गृहस्थ, अबू धाबीतल्या एका हॉटेलचं किचन सांभाळायचे. रविवारची सुट्टी त्यांना जन्मात मिळाली नव्हती. कॅप्टनने तीन वर्षांत एकही गोल केला नव्हता. घरी मात्र अकरा सांगितले होते.

"आज एक तरी खरा झाला पाहिजे, मॅन," तो बूट बांधताना म्हणाला.

ऊन असं, की बॉल आपणहून सावली शोधत घरंगळायचा. पाच मिनिटं उरली असताना कॅप्टनने मारलेला बॉल गोलकीपरला चुकवून आत निघाला, आणि मिडविकेटच्या फील्डरने मागे धावत, सूर मारून तो झेलला. त्यांच्या अंपायरने सवयीने बोट वर केलं. आमचा कॅप्टन मान खाली घालून मैदानाबाहेर चालायला लागला, आता बोला.

"माफ करा, साहेब," फील्डर म्हणाला. बीडकडचा गवंडी होता. "हवेत बॉल दिसला की हात थांबत नाहीत."

मी उभ्या उभ्या नियम केला. फील्डर हा गोलपोस्टचाच भाग, आणि तो बॉलसकट रेषेच्या आत पडलाय. गोल.

"हा नियम कधीपासून?" समोरच्या कॅप्टनने विचारलं.

"पहिल्या वर्षापासून. तू मीटिंगला येत नाहीस."

डॅडी कडेला उभे राहून फोनवर कुणाला तरी बिर्याणीच्या दमाचं समजावत होते. गलका ऐकून त्यांनी वर बघितलं. "काय झालं रे?"

"आय स्कोअर्ड, डॅडी."

"अरे, मी बघितलंच नाही. परत मार."

"डॅडी, इट्स नॉट टीव्ही."

पण माणूस अबू धाबीहून आलेला. मी शिट्टी वाजवली. दोन्ही फुटबॉल टीम आणि दोन्ही क्रिकेट टीम आपापल्या जागी परत गेल्या. समोरच्या गोलकीपरने चुकायचं कबूल केलं. कॅप्टनचे पहिले तीन फटके बाहेर गेले, त्यातला एक शारजाच्या हद्दीत पडला. चौथा नीट निघाला. फील्डर त्याच्याखाली आला आणि त्याने दोन्ही हात पाठीमागे घट्ट धरून ठेवले.

डॅडींनी फोन काखेत दाबून टाळ्या वाजवल्या, वाजवतच राहिले. मग फोन कानाला लावला.

"ढक्कन मत खोल, भाई. पहिले ये सुन, मेरे लडके ने गोल मारा."