उर्सुला हे नाव ठेवण्याआधी

सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी ती रुग्णालयाच्या तळघरातल्या धुलाईखान्यात इस्त्रीच्या यंत्राशी उभी होती. यंत्र म्हणजे तापलेला लांबलचक रूळ. ओलसर चादर एका बाजूने आत जाते आणि दुसरीकडून कोरडी, कडक होऊन बाहेर पडते. ती आत सोडायला दोघी लागतात. दोन्ही कोपरे एकदम सुटले नाहीत तर चादर तिरकी ओढली जाते आणि तिला अशी घडी पडते की पुन्हा पाण्यात घालण्यावाचून गत्यंतर नसते. म्हणून इथे बोलायचे ते चादर सुटल्यावर, पुढची हातात येईपर्यंत. इथली भांडणेही त्यामुळे तुकड्यातुकड्यांनी होतात.

त्या दिवशीचे भांडण झबल्यांवरून होते.

ती साठीकडे झुकलेली, रुंद हाडाची बाई. धुलाईखान्यात तिला सगळे मोठ्या बाई म्हणतात. आदल्या दिवशी याच इमारतीत, वरच्या मजल्यावर, तिला नात झाली होती. तिच्यासोबत चादरी सोडणारी जोडीदारीण दुपारी कपड्यांवर शिक्के मारते, म्हणून ती शिक्केवाली. खूण नसलेला कपडा रुग्णालयात कुणाचाच नसतो, हे शिक्केवालीइतके कुणालाच ठाऊक नाही. त्यामुळे धुलाईखान्यातर्फे बाळाला द्यायची झबली आणली तेव्हा तिने प्रत्येकाच्या आतल्या शिवणीशी काळ्या शाईने नाव उमटवून टाकले: उर्सुला.

उर्सुला हे आजीचे नाव. नातीचे अजून ठरायचे होते.

"तुला कुणी सांगितलं होतं गं नाव घालायला?"

"तुमच्या लेकानंच. काल लिफ्टपाशी भेटला. म्हणाला, आईचंच नाव ठेवतोय. मला वाटलं, तुम्ही हरखून जाल."

चादर गेली.

"मी अजून हो म्हटलेलं नाही."

"शाईनं म्हटलंय की."

"ती शाई निघते का?"

"मला विचारता? कापड विरेल मोठ्या बाई, नाव नाही जायचं."

पुढच्या चादरीचे कोपरे एकदम सुटले नाहीत. चादर तिरकी गेली. शिक्केवालीने ती ओढून काढली आणि ओल्या ढिगावर टाकली.

हे नाव मोठ्या बाईंना वडिलांच्या आत्याकडून आले. पहिल्या मुलीला वडिलांकडच्या एखाद्या बाईचे नाव द्यायचे, असा त्या घराचा शिरस्ता. ऐकायला नाव गोल, भारदस्त. त्यात काही आहे असे तिला कधी वाटले नव्हते. मग एके दिवशी शाळेत मास्तरांनी हौसेने वर्गातल्या नावांचे अर्थ सांगायला घेतले. एकीच्या नावात उजेड निघाला, एकाच्या नावात विजय. हिच्या नावापाशी येऊन मास्तर म्हणाले, लॅटिनमध्ये उर्सा म्हणजे अस्वलीण, आणि उर्सुला म्हणजे लहानशी अस्वलीण. ती तेव्हाही रुंद हाडाचीच होती. वर्गाला चिडवायला आणखी काही लागले नाही.

साडेनऊच्या सुट्टीत ती वर गेली. अंगावरचा ॲप्रन काढायचेही भान नव्हते. सहा खाटांच्या खोलीत सून खिडकीकडच्या खाटेवर उशीला टेकून बसली होती आणि मुलगा स्टुलावर. तो बस चालवतो. दुपारच्या पाळीचा गणवेश घालूनच आला होता.

"आलं बघ मोठं अस्वल," तो बाळाकडे वाकून म्हणाला. "छोटं अजून झोपलंय."

बाळाच्या पायांवरून सुटलेले दुपटे तिने नीट केले.

"आई, मी वाचत होते," सून मोबाईल पुढे करत म्हणाली. "आपण सप्तर्षी म्हणतो ना, ते ताऱ्यांच्या ज्या मोठ्या आकृतीत बसतात, तिचं नावसुद्धा उर्साच आहे. आणि एक संत होऊन गेली या नावाची. शेकडो वर्षं लोक मुलींना हे नाव देतायत. काहीतरी आवडत असणारच ना त्यांना?"

"ठेवणाऱ्यांना आवडतं गं. वागवणारीला कुणी विचारलं का?"

"तुम्हाला विचारतेच आहे की. मला आवडलं, कारण ते गोडगोड नाही. जिकडेतिकडे फुलं नि कळ्या. हिला जरा नख्या असू देत."

"आणि शाळेत चिडवलं म्हणजे?"

"चिडवणारे कुठल्याही नावाला चिडवतात," मुलगा म्हणाला. "एवढं काय मनाला लावून घेतेस?"

तिने स्टुलाकडे पाहिले. तो उठला, ती बसली.

"शाळेचं मला काही वाटलं नाही रे. शाळेतलं शाळेत राहतं. मी घरी आले आणि वडिलांना सांगितलं, मला असं असं म्हणतात. ते पोट धरून हसले. जेवायला बसताना त्यांनीच हाक मारली, ये गं अस्वला. मग आई, मग भाऊ, मग शेजारचे. शाळा सुटली. घर कसं सुटणार?"

"मी तर लाडानं म्हणतो, आई."

"तेही लाडानंच म्हणायचे."

शेजारच्या खाटेवरची बाई उगाच पाण्याची बाटली शोधू लागली. मुलगा म्हणाला, "कधी बोलली नाहीस ते."

"हसणाऱ्याला काय सांगायचं?"

बाळ कुरकुरले. सुनेने त्याला उचलून छातीशी घेतले. "दुसरं नाव बघू या, आई," ती म्हणाली. "खरंच. माझा हट्ट नाही."

आजीने बाळाच्या डोक्यावरून हात फिरवला.

"नावाचा काही दोष नाही," ती म्हणाली. "ठेवा हेच. पण अस्वल आजपासून बंद. हिचंही आणि माझंही. हाक मारायची ती पूर्ण नावानं. आणि ही शाळेतून येऊन काही सांगायला लागली, तर घरात कुणी हसायचं नाही."

"शाळेत अर्थ विचारला तर?" सुनेने विचारले.

"तर खरा सांगू दे. लपवायचं काय त्यात?"

"ठरलं," मुलगा म्हणाला. "चल, तुला खाली सोडतो, अस्व..." त्याने जीभ चावली.

सून हसली नाही. तिने नवऱ्याकडे नुसते पाहिले. तो कानापर्यंत लाल झाला आणि दार उघडून धरायला पुढे गेला.

जन्मनोंदणीची खिडकी तळमजल्यावर आहे आणि दहाला उघडते. नोंदणीचे कागद उद्या तयार होतील; मुलाची तेव्हा सकाळची पाळी असल्याने नाव नोंदवायला आजीच जाणार आहे. तेवढ्या वेळापुरती यंत्रावर शिक्केवालीच्या जोडीला घड्या घालणारी बाई उभी राहील. सुपरवायझरने तसे फळ्यावर लिहून ठेवले आहे.