अण्णांची कच्ची कोसंबरी

यातला एक शब्द तरी खरा मानून दाखव, पोरी. पन्नास वर्षं कच्चं खाणाऱ्या माणसाशी संसार केला की असले किस्से साठतच जातात. फेकायला जागा नाही, सांगायला दम नाही. तू अण्णांवर लिहायला महादेवपुऱ्याहून एवढ्या ट्रॅफिकमधून आलीस, म्हणून सांगते.

लग्नाला वर्ष झालं नव्हतं. आमच्या ह्यांना, म्हणजे अण्णांना, कुणीतरी सांगितलं की विस्तवावर चढलं की अन्न मेलं. झालं! माझा स्टोव्ह उचलून शेजारच्या शांतक्काला देऊन टाकला. मला म्हणाले, "आता तू सुटलीस." मी दोन दिवस काकडी खाल्ली. तिसऱ्या दिवशी शांतक्काकडे जाऊन माझ्याच स्टोव्हवर भात टाकला. अजून टाकते.

भाचीच्या लग्नाला इलेक्ट्रॉनिक सिटीत गेलो. हे भिजवलेल्या हरभऱ्यांचा डबा मांडीवर घेऊन बसलेले. नवऱ्याकडचा एक म्हातारा आला, डब्यात डोकावला, अदबीने विचारलं, "घोडा कुठे बांधलाय?"

दर रविवारी ह्यांची मंडळी जमायची. भाषण दोन तास. लोक थांबायचे ते माझ्या कोसंबरीसाठी. भिजवलेली मूगडाळ, काकडी, खोबरं, लिंबू. आणि शांतक्काकडून वाटीत झाकून आणलेली मोहरी-हिंगाची फोडणी. ती गार करून खाली कालवायची, वरून भरपूर कोथिंबीर. हे घास घेऊन सगळ्यांना सांगायचे, "बघा, निसर्गाची चव."

वास यायचाच की. मी म्हणायची, शांतक्काकडचा आहे. एकदा हे उठून तिला समजवायला गेले, तळण सोड म्हणून. ती मान हलवत 'सरी अण्णा, सरी अण्णा', म्हणजे बरं बरं, करत राहिली. कढईत पुऱ्या माझ्या होत्या.

आता मारतहळ्ळीची कॉम्प्युटरवाली पोरं येतात. त्यांच्यात कच्चं खायची फॅशन आलीय. एकीने व्हिडिओ काढला, म्हणाली, "आजी, सीक्रेट काय?" मी म्हटलं, शेजार चांगला लागतो.

तर परवाची गोष्ट. तू पाहिलंस ना आत, अण्णा उठत नाहीत आता. दात गेले, दोन चमचे जातात कसेबसे. डॉक्टरांनी पेज द्या म्हटलं, तर तोंड फिरवलं. "आयुष्यभर विस्तवाचं खाल्लं नाही, आता जाताना नको."

मला रात्रभर झोप नाही. ह्या माणसाचं व्रत मीच मोडलं, तेही चोरून. आता किती दिवस राहिलेत? निदान तेवढे तरी खरे जाऊ देत. सकाळी कोसंबरी पाट्यावर वाटली, पाण्यासारखी पातळ. फोडणी नाही. पहिल्यांदा.

चमचा तोंडात दिला. त्यांनी डोळे मिटले, बराच वेळ घोळवलं. मग माझ्याकडे बघून हळूच म्हणाले,

"शांतक्का गावाला गेलीय का?"

जा आता तू. मला शेजारी जायचंय.